मांजर ‘चिडकी’ झाली? आधी दुखतंय का ते बघा

मांजरीचं वागणं अचानक बदललं, तर आधी आजार धरून चाला. ओरडणं, शिस्त लावणं राहू द्या. ‘हल्ली हात लावू देत नाही’ म्हणून आणलेल्या मांजरी मी तपासतो, तेव्हा कितीदा तरी दुखरा दात किंवा सांधा सापडतो. दुखणं लपवण्यात मांजर पटाईत. ती विव्हळत नाही, वागणं बदलते.

ती कपाटावरून उतरते कशी, ते नीट बघा. धडधाकट मांजर सरळ उडी टाकते. सांधे धरलेली मांजर काठावर घुटमळते, पुढचा पंजा खाली सोडून चाचपते, मध्ये खुर्ची मिळाली तर टप्प्याटप्प्यानं उतरते. लिटर बॉक्सच्या बाहेर घाण करणाऱ्या म्हाताऱ्या मांजरीला बऱ्याचदा त्याचा उंच काठच ओलांडवत नाही. एका बाजूनं काठ कापून बघा, पण तपासणी टाळू नका. कमरेवर केसांच्या गुठळ्या झाल्या असतील, तर तिथवर वळून चाटणं तिला जमत नसेल.

चेहऱ्यावरही दुखणं दिसतं. माँट्रियल विद्यापीठातल्या संशोधकांनी 2019 मध्ये त्यासाठी एक मोजपट्टी प्रसिद्ध केली. कान, डोळे, तोंडाभोवतीचा ताण, मिशा आणि डोक्याची ठेवण, प्रत्येकाला 0 ते 2 गुण. बेरीज 10 पैकी 4 किंवा जास्त आली, की आम्ही वेदनाशामकाचा विचार करतो. मांजर जागी आणि स्वस्थ असतानाच बघायचं. खाताना किंवा अंग चाटताना नाही.

दवाखान्यात ती भीतीनं आखडते आणि लंगडणं दिसतच नाही. म्हणून चालण्याचा, उडीचा व्हिडिओ घरीच काढून आणा, मला त्याचा फार उपयोग होतो. गाढ झोपेत श्वासही मोजा. मिनिटाला सतत 30 च्या वर जात असतील, तर लगेच डॉक्टरांना कळवा.

एका बाबतीत मात्र बघत बसू नका. बोका पुन्हापुन्हा लघवीला बसतोय, कण्हतोय आणि थेंबभरच होतेय किंवा होतच नाही, तर रात्र असली तरी निघा. मूत्रमार्ग तुंबला की रक्तात पोटॅशियम साचतं आणि हृदय बंद पडू शकतं. एक-दोन दिवसांत जीव जाऊ शकतो. निघण्याआधी घरातलं पॅरासिटामॉल तर मुळीच देऊ नका. मांजरीला ते विष आहे, अर्धी गोळीसुद्धा.