मुंबईचा व्हॉल्यूम, हैदराबादची प्रत: डिझास्टर रिकव्हरी कशी लावावी

२०२४ च्या ऑगस्टअखेर विश्वामित्री नदी बडोद्यात शिरली, तेव्हा आमच्या दादाच्या सयाजीगंजातल्या पॅथॉलॉजी लॅबचा सर्व्हर तळघरात होता. बॅकअपची हार्ड डिस्कही होती, त्याच कपाटात, खालच्या खणात. पाणी ओसरल्यावर कपाट उघडलं तर खणातून आधी गाळ आला, मग डिस्क.

त्यानंतर सगळं क्लाउडवर नेलं, एडब्ल्यूएस या ॲमेझॉनच्या क्लाउड सेवेच्या मुंबई रीजनमध्ये, म्हणजे तिच्या तिथल्या डेटा सेंटरांच्या समूहात. दादा म्हणाला, ‘चला, सुटलो.’ सुटलो नव्हतो. ईबीएस व्हॉल्यूम, म्हणजे क्लाउडमधल्या सर्व्हरला जोडलेली डिस्क, एका रीजनमधल्या एकाच अव्हेलेबिलिटी झोनमध्ये (डेटा सेंटरांच्या एका गटात) राहतो. त्याच्या प्रती आतल्या आत ठेवल्या जातात, पण त्याच झोनमध्ये. साध्या जीपी३ प्रकारच्या व्हॉल्यूमबाबत कंपनी स्वतःच सांगते की १००० मागे वर्षाला एकदोन निकामी होऊ शकतात. म्हणजे कपाट मजबूत झालं, पण डिस्क अजून सर्व्हरशेजारीच. दुसरी प्रत हैदराबादला कशी ठेवायची, ते आता सांगतो.

आधी मालकाशी बोला, संगणकाला नंतर हात लावा. दोनच प्रश्न: किती वेळच्या नोंदी गेल्या तर चालतील, आणि किती वेळ बंद राहिलं तर चालेल? पहिल्याला आरपीओ म्हणतात, दुसऱ्याला आरटीओ. दादाचं उत्तर ठरलेलं: ‘काहीच जायला नको.’ मग विचारलं, ‘दादा, सकाळी आठ ते नऊच्या नोंदी गेल्या तर काय करशील?’ जरा विचार करून म्हणाला, ‘नळ्यांवर बारकोड आहेत, फॉर्म कागदी आहेत. काउंटरवरची मुलगी परत टाइप करेल.’ झालं की! दर तासाला स्नॅपशॉट, म्हणजे डिस्कचा त्या क्षणाचा फोटो, पुरेसा होता. फक्त तासाला स्नॅपशॉट म्हणजे तासाचाच तोटा असं धरू नका. स्नॅपशॉट पूर्ण व्हायला आणि हैदराबादला पोचायला वेळ लागतो, म्हणून मी त्याला दोन तास सांगून ठेवले.

आता कन्सोल, म्हणजे एडब्ल्यूएसचं ब्राउझरमधलं नियंत्रण पान. हैदराबाद रीजन नोव्हेंबर २०२२ मध्ये सुरू झाला आणि तो खात्यात आपोआप चालू नसतो. अकाउंटच्या सेटिंगमध्ये जाऊन चालू करावा लागतो. यादीत हैदराबाद दिसत नाही म्हणून मी अर्धा तास ब्राउझरला दोष देत बसलो होतो.

मग चावी. व्हॉल्यूम एन्क्रिप्ट केलेला, म्हणजे चावीशिवाय वाचता न येणारा असेल (असावाच, रुग्णांची माहिती आहे), तर केएमएस या चाव्या सांभाळणाऱ्या सेवेतली मुंबईची चावी हैदराबादेत चालत नाही. तिथे स्वतःची नवी चावी तयार करा. प्रत तिकडे जाताना त्या चावीने पुन्हा एन्क्रिप्ट होते, त्यामुळे मुंबई पूर्ण बंद पडली तरी ती उघडता येते. एकदा ठरवलेली चावी मध्येच बदलू नका. बदलली की पुढची प्रत पूर्ण आकाराची जाते आणि बिलात दिसते. एरवी पहिलीच प्रत मोठी असते, नंतर फक्त डिस्कचे बदललेले तुकडे (ब्लॉक) जातात. खर्च दोन्हीकडच्या साठ्याचा आणि मधल्या वाहतुकीचा.

रोजचं काम स्नॅपशॉट आपोआप काढणाऱ्या डेटा लाइफसायकल मॅनेजरवर सोपवा. तो टॅग, म्हणजे लावलेली चिठ्ठी, बघून काम करतो, म्हणून सर्व्हरला एक टॅग लावा. पॉलिसी (त्याचं वेळापत्रक आणि नियम) करताना लक्ष्य म्हणून व्हॉल्यूम न निवडता इन्स्टन्स, म्हणजे अख्खा सर्व्हर, निवडा. आमच्या डेटाबेसचा डेटा एका व्हॉल्यूमवर आणि लॉग दुसऱ्यावर आहे. दोन्हींचे फोटो वेगवेगळ्या क्षणी निघाले तर डेटाबेस उठताना कुरकुर करतो. इन्स्टन्स निवडला की सगळ्या व्हॉल्यूमचे स्नॅपशॉट एकाच क्षणाचे निघतात. अंतर १ तास, मुंबईत शेवटचे २४ ठेवा, आणि खाली दुसऱ्या रीजनमध्ये कॉपीचा पर्याय चालू करून हैदराबाद आणि तिथली चावी निवडा. तिकडच्या प्रती किती दिवस ठेवायच्या ते वेगळं भरावं लागतं. सुरू होण्याची वेळ यूटीसीत, म्हणजे आपल्यापेक्षा साडेपाच तास मागच्या घड्याळात असते. रात्री दीडची रोजची पॉलिसी हवी असेल तर तिथे २०:०० लिहा, ०१:३० नाही. नाहीतर ती सकाळी सातला, रक्त द्यायला रांग लागलेली असताना सुरू होईल.

इथेच मी घसरलो. पॉलिसी चालू दिसत होती, मुंबईत स्नॅपशॉट साचत होते, आणि हैदराबादची यादी नऊ दिवस रिकामी. पॉलिसी ज्याच्या अधिकाराने चालते त्या रोलला नव्या चावीची परवानगी दिलीच नव्हती. तेव्हापासून इव्हेंटब्रिज या घटनांवर लक्ष ठेवणाऱ्या सेवेत कॉपी फसल्याची सूचना ईमेलवर लावली आहे, आणि सोमवारी सकाळी चहाबरोबर हैदराबादची यादी डोळ्यांनी बघतो.

तासही जास्त वाटणाऱ्यांसाठी इलास्टिक डिझास्टर रिकव्हरी आहे. सर्व्हरवर एक एजंट बसतो आणि बदल सतत तिकडे पाठवतो, त्यामुळे तोटा काही सेकंदांवर येतो. पण कोणी चुकून डेटाबेसमधलं टेबल उडवलं, तर तेही तितक्याच तत्परतेने तिकडे उडतं. म्हणून जुने स्नॅपशॉट ठेवाच. चुकून पुसले जाऊ नयेत म्हणून दोन्ही रीजनमध्ये रीसायकल बिनचा नियमही लावून टाका.

शेवटचं काम रंगीत तालीम, आणि लोक नेमकं हेच टाळतात. हैदराबादेत सर्वांत ताज्या प्रतींपासून व्हॉल्यूम बनवा. ज्या झोनमध्ये चाचणीचा सर्व्हर आहे त्याच झोनमध्ये बनवा, नाहीतर जोडता येणार नाहीत. मशीनची इमेजही (सर्व्हर उभा करायचा साचा) आधीच तिकडे कॉपी केलेली हवी, कारण तीही रीजनपुरतीच असते. व्हॉल्यूम लगेच तयार दिसतो, पण आतले ब्लॉक पहिल्यांदा वाचताना मागून येतात, म्हणून डेटाबेस सुरुवातीला रखडतो. घाबरू नका. घाई असेल तर फास्ट स्नॅपशॉट रिस्टोअर घेता येतं, पण त्याचं भाडं तासावर आहे. आम्ही घेतलं नाही.

पहिल्या तालमीत मी मोबाईलवर स्टॉपवॉच लावलं होतं. ५२ मिनिटं लागली. त्यातली बावीस डेटाबेसचा पासवर्ड शोधण्यात गेली, कारण तो लिहिलेली फाइल मुंबईच्याच सर्व्हरवर होती. आता तो एका पाकिटात दादाच्या घरी आहे, दुसऱ्या मजल्यावर, वहिनीच्या दागिन्यांच्या डब्याशेजारी. पुढची तालीम जूनच्या पहिल्या आठवड्यात, पाऊस सुरू व्हायच्या आत. दादाने स्वतःच ती कालनिर्णयावर लाल पेनाने लिहून ठेवली आहे.