गोल्डफिशची शेपटी झडते, औषध लागू पडत नाही: माझा अनुभव
शेपटीच्या कडा पांढुरक्या, चिंध्या झालेल्या, बुडाशी लाली. मीठ टाकलं, पाणी बदललं, ऑक्सिटेट्रासायक्लिन हे अँटिबायोटिकही दिलं; सगळं वाया. मासा खंगताना बघून जीव तुटायचा.

कारण निघालं आमच्या वऱ्हाडातलं बोअरचं पाणी, भांड्यावर पांढरा थर धरणारं. त्यातलं कॅल्शियम, मॅग्नेशियम ऑक्सिटेट्रासायक्लिनला बांधून ठेवतं, म्हणून ते लागू पडत नाही.

आधी मासा वेगळ्या टबात घेतला, कारण अँटिबायोटिक टाकीच्या फिल्टरमधले उपयोगी जीवाणूही मारतं. टबात एअर पंप लावला. कोळशाचा फिल्टर नाही, तो औषध शोषतो. मग कमी क्षारांचं, आरओच्या कॅनचं पाणी थोडं थोडं वाढवत नेलं, एकदम नाही. त्यानंतर त्याच औषधाची पशुवैद्यकांनी सांगितलेली मात्रा, आणि वर गोणपाट, कारण उजेडात हे औषध नासतं. रोज जेवढं पाणी बदललं, तेवढ्यापुरतंच औषध पुन्हा. शेपटीला पारदर्शक नवी कड फुटली, तरी कोर्स पूर्णच केला.

टबातलं पाणी विहिरीजवळ किंवा नाल्यात ओतू नका.