अठराव्या शतकातला ऑपेरा अभ्यासताना या चुका टाळा

‘या ऑपेरात नृत्याला स्थान नाही.’ नवशिक्यांच्या लेखांत हे वाक्य मी इतक्यांदा खोडलंय की आता संताप येतो. कशावरून, असं विचारलं की उत्तर ठरलेलं : स्वरलिपीत नाच नाही.

एका विद्यार्थिनीने मोत्सार्टच्या ‘लुचो सिल्ला’ या ऑपेरावर निबंध आणला होता. नाट्य शुद्ध राहावं म्हणून मोत्सार्टने नाच हद्दपार केला, असा तिचा सिद्धांत. वीस पानं, भाषा सुरेख. पण २६ डिसेंबर १७७२ला मिलानमध्ये झालेल्या पहिल्या प्रयोगात तीन बॅले होते! सगळं मिळून सहाएक तास चाललं, प्रेक्षक मध्यरात्र उलटून गेल्यावर घरी गेले. इटलीत गंभीर ऑपेराच्या दोन अंकांच्या मधल्या वेळेत बॅले होत आणि त्यांचं संगीत बहुतेकदा दुसऱ्याच कुणाचं असे. मग ते ऑपेराच्या स्वरलिपीत कसं सापडणार? बालगंधर्वांच्या पदांना पडलेले वन्समोर नाटकाच्या छापील पुस्तकात सापडतात का? परिषदेला चार दिवस उरले होते आणि तिला निबंध मागे घ्यावा लागला. फार हळहळले मी.

तेव्हापासून मी स्वरलिपीला हात लावण्याआधी लिब्रेटो, म्हणजे त्या प्रयोगासाठी छापलेली संहितेची पुस्तिका, उघडते. पात्रयादीच्या आसपासची पानं आधी. नर्तकांची नावं, नृत्यं कुणी बसवली, हे बहुधा तिथेच असतं. नुसतं रेकॉर्डिंग ऐकून लिहिणाऱ्यांना तर मी परत पाठवते.

दुसरं दुखणं तारखांचं. व्हेनिसचं वर्ष १ मार्चला सुरू व्हायचं. त्यामुळे तिथल्या कागदावरचा ‘जानेवारी १७३६’ हा आपला जानेवारी १७३७ असू शकतो. त्यात कार्निव्हलचा, म्हणजे ईस्टरपूर्व उपवासांआधीच्या उत्सवकाळातला, ऑपेराचा हंगाम २६ डिसेंबरला सुरू होऊन पुढच्या वर्षात शिरतो. हे विसरलं की एकच गायिका एकाच महिन्यात दोन शहरांत गाताना दिसते. इंग्लंडमध्येही १७५२पर्यंत वर्ष २५ मार्चला बदलायचं. मी जानेवारी-फेब्रुवारीच्या तारखा पेन्सिलीने ‘१७३६/३७’ अशा लिहिते आणि दुसरा पुरावा मिळेपर्यंत शाई लावत नाही.

रामो नावाचे फ्रेंच दोन आहेत, गल्लत करू नका. ‘ले अँद गालांत’ या ऑपेराचा संगीतकार जाँ-फिलिप, आणि १७२५मध्ये नृत्यशिक्षणाचं पुस्तक लिहिणारा पिएर.

फ्रेंच ‘कोरेग्राफी’ म्हणजे त्या काळी नृत्याची पावलं कागदावर उतरवण्याची लिपी. नृत्यशिक्षक फ्योयेचं त्या नावाचं पुस्तक १७००चं. त्यावरून १७६०च्या मूकनाट्याचे हावभाव उभे करू नका.

फ्रेंच नृत्यदिग्दर्शक नोव्हेरची १७६०ची नृत्याविषयीची पत्रं अवश्य वाचा, पण कथानक सांगणारा बॅले त्याने एकट्याने जन्माला घातला असं लिहू नका. लंडनला नृत्यशिक्षक जॉन वीव्हरने १७१७मध्येच तसा प्रयोग केला होता, आणि व्हिएन्नात हिल्फरडिंग, अँजिओलिनी हे नृत्यदिग्दर्शक होतेच.

आणि संगीतकार ग्लुकचा ‘ऑर्फेओ’ हा ऑपेरा म्हणताना सन सांगा. व्हिएन्नातल्या १७६२च्या प्रयोगात ऑर्फेओची भूमिका कास्ट्राटो (आवाज उंच राहावा म्हणून लहानपणीच खच्चीकरण केलेला गायक) ग्वादाञी गायला, पॅरिसला १७७४मध्ये उंच पट्टीचा पुरुषगायक लग्रो. सगळ्यांना आवडणारा तो बासरीचा एकल तुकडा पॅरिसचा आहे. व्हिएन्नाच्या प्रयोगाबद्दल लिहिताना तो घुसवू नका.