कवड्यांची माळ घरी कशी धुवावी आणि पुन्हा कशी ओवावी

घटस्थापना तोंडावर आली की सातारा-सांगलीकडं देवघरातली पितळी भांडी घासायला निघतात. त्याच घमेल्यात, चिंचेच्या कोळात तुळजाभवानीची माळही पडते आणि कवड्यांचं वाटोळं होतं.

कवडी हे समुद्री गोगलगायीचं कवच, कॅल्शियम कार्बोनेटचं. चिंच, लिंबू, व्हिनेगर, भांड्यांची आंबट पावडर, काहीही लागलं तरी वरचा थर विरघळतो. जिवंतपणी ही गोगलगाय आपल्या मांसल पदरानं कवच बाहेरून झाकून घेते आणि त्यावर थर चढवत राहते. कवडीची चकाकी तिथली. ती एकदा गेली की परत येत नाही.

माळ सोडवण्याआधी मोबाइलवर फोटो काढा, म्हणजे क्रम चुकणार नाही. कोमट पाण्यात शाम्पूचे दोन थेंब टाकून कवड्या तासभर भिजवा. खरा मळ कवडीच्या तोंडाच्या दातेरी फटीत असतो: तेल, कुंकू, भंडारा, सगळं घट्ट बसलेलं. मऊ ब्रशनं आणि लाकडी टूथपिकनं तो काढा. हळदीचा पिवळेपणा राहिला तर राहू द्या, ब्लीच नकोच. साध्या पाण्यानं धुऊन तोंड खाली करून सावलीत वाळवा.

फुटलेल्या कवड्यांच्या जागी नव्या घेताना हातात घेऊन बघा. प्लास्टिकची हलकी असते, कडेला साच्याची रेघ दिसते आणि सगळ्या अगदी एकसारख्या असतात. खऱ्या कवडीला थंडगार स्पर्श आणि वजन असतं. बाजारात मुख्यतः दोन जाती दिसतात: पिवळसर, रुंद बाजूला टेंगळं असलेली, आणि पाठीवर नारिंगी कडं असलेली. पहिली एके काळी नाणं म्हणून चालायची. मालदीवहून जहाजं भरभरून यायची.

भोक निमुळत्या टोकाजवळ, पाठीच्या बाजूनं पाडा. बारीक ड्रिल हळू फिरवा आणि कवडी पाण्यानं ओली ठेवा. कोरडी भुकटी नाकात जाता कामा नये, मास्क लावा. भोकाची कड पॉलिश पेपरनं गुळगुळीत करा, नाहीतर तीच दोरा कापते.

मेण लावलेला जाड सुती दोरा घ्या. सुई भोकातून आत घालून तोंडाच्या फटीतून बाहेर काढा आणि प्रत्येक कवडीनंतर गाठ मारा. गाठीमुळे कवड्या एकमेकींवर घासत नाहीत. दोरा तुटलाच तर सगळी माळ घरभर सांडत नाही. जमत नसेल तर पटवेकऱ्याकडं, म्हणजे माळा ओवून देणाऱ्याकडं द्या, पण धुणं मात्र स्वतः करा.

ठेवायला सुती फडकं बरं. बंद लाकडी डब्यात किंवा पुठ्ठ्याच्या खोक्यात आंबट वाफ साठते आणि दमटपणात कवडीवर पांढरी भुकटी धरते. जत-आटपाडीच्या कोरड्या हवेत हे फारसं जाणवणार नाही. पाटण-जावळीकडं मात्र पावसाळ्यात महिन्यातून एकदा तरी माळ बाहेर काढून वारा द्या.