साताऱ्यात राहून एडिटर व्हायचंय, पुढं जाऊन डायरेक्टर पण? मग असं करा

डायरेक्टर व्हायचंय म्हणणारी पोरं आपल्याकडं ढिगानं आहेत, पण माझं म्हणणं आधी एडिटर व्हा, जोडीला लिहीत रहा न डायरेक्शनचं शेवटी बघू. 'आनंद'वाले हृषिकेश मुखर्जी आधी डायरेक्टर बिमल रॉयकडं एडिटर होते, 1953 च्या 'दो बिघा जमीन'ची पटकथा पण त्यांचीच, आणि स्वतःचा पहिला पिक्चर थेट 1957 ला. 'थ्री इडियट्स'वाले राजकुमार हिरानी पुण्याच्या सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटला, म्हणजे एफटीआयआयला, एडिटिंगच शिकले न आपले पिक्चर अजून स्वतःच कापतात.

एडिटिंगच्या सॉफ्टवेअरवर पैसे घालू नका, दाविंची रिझॉल्व्हचं फुकट व्हर्जन बास होतं. लॅपटॉप अडकत असेल तर प्रॉक्सी, म्हणजे फुटेजची हलकी कॉपी, बनवा न त्यावर काम करा. मोबाईलचं फुटेज असेल तर फ्रेम रेट (सेकंदाला किती चित्रं ते) हलता असतो, त्यामुळं आवाज न ओठ मागंपुढं होतात, तर आधी हँडब्रेक नावाच्या फुकट सॉफ्टवेअरमधनं ते सेकंदाला फिक्स 25 फ्रेमवर काढून घ्या.

आता फुटेज कुठनं आणायचं? लग्नाच्या स्टुडिओत काम धरा. लोक नाक मुरडतात, मुरडू देत. हळद, वरात, जेवणावळ असला दिवसभराचा माल तीन मिनिटात बसवायला लागला की काय ठेवायचं न काय फेकायचं ते आपोआप कळायला लागतं. गिऱ्हाईकाला गाण्यावरचा टीझर द्या, पण स्वतःसाठी गाणं काढून नुसत्या खऱ्या आवाजावर अजून एक कट करा. नवरीच्या बापाची तगमग गाण्याशिवाय पोचते का बघा, नाही पोचली तर शॉटचा क्रम चुकलाय किंवा पुढचा शॉट तुम्ही लवकर आणलाय, तिथं पाच-सहा फ्रेम जास्त थांबून बघा, एवढ्यानं पण सीन बदलतो की राव. आणि बसल्या बसल्या कुठला शॉट हवा होता न मिळाला नाही ते वहीत लिहून ठेवा, पुढं शूटला तीच वही कामाला येते.

लिहिताना सीन झाला की दोन मित्रांकडनं मोबाईलवर वाचून घ्या, रेकॉर्डिंग एडिटिंग सॉफ्टवेअरच्या टाइमलाइनवर टाका न वाक्यं उडवत चला. जे उडवून काही बिघडत नाही ते स्क्रिप्टमधनं पण काढा. निम्मी जातात!

शूट करताना ॲक्शनच्या आधी न कटच्या नंतर पाच सेकंद कॅमेरा चालू ठेवा, जागेचा नुसता आवाज अर्धा मिनिट घ्या. आणि सगळे वाईला मेणवलीच्या घाटावर पळतात तसं पळू नका, पिक्चरमध्ये लय वेळा दिसलाय तो, आपल्या आळीत जे दिसतं ते दाखवा.

स्वतःचं फुटेज स्वतःच कापताना मोठा घोळ हा, की शॉट किती मेहनतीनं मिळाला ते तुम्हाला माहीत असतं, म्हणून तो काढवत नाही. अशा वेळी शूटला नसलेला माणूस शेजारी बसवा न तो मोबाईलकडं कधी बघतो तेवढं टिपा.

रीतसर शिकायचं असेल तर पुणं लांब नाही, एफटीआयआयचा एडिटिंगचा कोर्स तीन वर्षांचा, ग्रॅज्युएशन लागतं. आणि स्क्रिप्ट मुंबईत कुणाला पाठवायच्या आधी स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडं रजिस्टर करा, ओळखीचा असला तरी.