मेन्यूच्या आधी चिमणी

मी 'रेस्टॉरंट' चालवतो हे आमच्या आजीला कधी पटलं नाही. ती शेजारणीला सांगायची, "नातवानं मुंबईला हॉटेल टाकलंय." पहिल्या जागेत पैसे गेल्यावर मला कळलं की 'टाकलंय' हेच क्रियापद बरोबर होतं.

या धंद्यात येऊ पाहणारी मुलं-मुली अधूनमधून भेटायला येतात. फोनमध्ये प्लेटिंगचे, म्हणजे सजवलेल्या ताटांचे फोटो असतात, नाव ठरलेलं असतं, कधी कधी लोगोसुद्धा. मी विचारतो, "किचनच्या धुराची चिमणी कुठून काढणार?" आणि समोरचा गप्प होतो.

मीही गप्पच झालो असतो. वांद्र्याची आमची पहिली जागा एका जुन्या राहत्या इमारतीच्या तळमजल्यावर होती. बाहेर गुलमोहर, उंच छत, बघताक्षणी प्रेमात पडावं अशी. एक्झॉस्ट, म्हणजे किचनचा धूर, मागच्या गल्लीत सोडा, सगळे तसंच करतात, असं मालक म्हणाला आणि आम्ही सही केली. उघडून बारा दिवस झाले असतील, दुसऱ्या मजल्यावरच्या काकू भर दुपारी किचनच्या दारात उभ्या. हातात दोरीवरून काढलेला पांढरा सदरा. "घे, लाव नाकाला," म्हणाल्या. लावला. लसूण आणि कोळसा, स्वच्छ कळत होतं. त्यांचं काहीही चुकलं नव्हतं. डक्ट, म्हणजे धुराचा पाइप, गच्चीपर्यंत न्यायचा तर सोसायटीची परवानगी हवी, आणि तिथं आधीच दोन तट. तीन महिने ग्रिल बंद. अर्धा मेन्यू ग्रिलवरचा. चौदाव्या महिन्यात आम्ही शटर ओढलं. करारात लॉक-इन तीन वर्षांचं होतं, म्हणजे त्याआधी जागा सोडायची नाही, त्यात डिपॉझिटही गेलं.

म्हणून आता जागा बघायला जाताना मी इंटिरिअरवाल्याला नेत नाही, प्लंबर आणि डक्टवाल्याला नेतो. पाण्याचा दाब, ग्रीस ट्रॅपला (सांडपाण्यातलं तेल अडवणाऱ्या टाकीला) जागा, मंजूर वीजभार, बाहेर पडायचा दुसरा रस्ता. २९ डिसेंबर २०१७ च्या रात्री लोअर परळच्या कमला मिल आवारात लागलेल्या आगीत १४ जण गेले. त्यानंतर फायर एनओसीला, अग्निशमन दलाच्या ना-हरकत दाखल्याला, निव्वळ कागद समजणाऱ्याशी मी भागीदारीची बोलणीच करत नाही.

भाड्याचं गणित एकदा बसून करा. समजा भाडं ३ लाख. त्यावर १८ टक्के जीएसटी, म्हणजे ३ लाख ५४ हजार. तुम्ही म्हणाल, जीएसटी वळता होईल. नाही होत. नोव्हेंबर २०१७ पासून आपल्यासारख्या रेस्टॉरंटांना ग्राहकाकडून ५ टक्के घ्यायचे आणि इनपुट क्रेडिट, म्हणजे आपण भरलेला कर वळता करणं, विसरायचं. भाडं, ओव्हन, खुर्च्या, सगळ्यांवरचा कर तुमच्याच खिशातून. भाडं विक्रीच्या १५ टक्क्यांच्या आत ठेवावं, असं आमच्यात ढोबळपणे मानतात. तर महिन्याची विक्री हवी साडेतेवीस लाखांच्या वर. माणशी ९०० रुपये धरले तर रोज ८७ माणसं. पन्नास खुर्च्यांच्या जागेत शनिवारी हे हसत होतं. सोमवारी पस्तीस आली तर मॅनेजर स्वतः दारात जाऊन उभा राहतो.

दारूचं मी थोडक्यात सांगतो. एफएल-३, म्हणजे बारचा परवाना असेल तर बिलात फायदा दिसतो, पण दारूवर जीएसटी नसून व्हॅट हा राज्याचा कर आहे आणि फी वर्षाची असते. तिची मुदत ३१ मार्चला संपते, मग तुम्ही जानेवारीत उघडलेलं का असेना.

आता वजनकाटा. हा माझा आवडता विषय आहे, सहन करा. चार किलोची सुरमई ८०० रुपये किलोनं आणली, ३२०० झाले. डोकं, काटे, शेपूट काढून हाती २ किलो ३०० ग्रॅम. म्हणजे साफ माशाचा खरा दर जवळजवळ १४०० रुपये किलो. १८० ग्रॅमचा तुकडा २५० रुपयांना पडतो. त्यात मसाला, लोणी, गार्निश अजून धरलेलंच नाही. फूड कॉस्ट, म्हणजे कच्च्या मालाचा खर्च, विक्रीच्या तीस टक्के ठेवायची तर ताट सव्वाआठशेच्या खाली विकता येत नाही. नवा कुक तुकडा २१० ग्रॅमचा कापू लागला की रात्री ताटामागे चाळीस रुपये जातात आणि कुणाला दिसत नाहीत. मला ते महिनाअखेरीच्या स्टॉकमध्ये दिसले. आणि छापील मेन्यूवर सुरमई ठेवू नका. जून-जुलै आपल्या किनाऱ्यावर मासेमारी बंद असते. पहिल्या वर्षी मी तीस मेन्यूकार्डांवर स्टिकर चिकटवत बसलो होतो.

या धंद्यात जीव किती ते बघा. राहुल आकेरकरांनी १९९९ मध्ये कुलाब्यात 'इंडिगो' काढलं. मुंबईत पंचतारांकित हॉटेलांबाहेरच्या नव्या पद्धतीच्या जेवणाची चर्चा तिथून सुरू होते. ते २०१८ मध्ये बंद झालं. एकोणीस वर्षं. आमच्यात याला दीर्घायुष्य म्हणतात. आकेरकर शिकले होते बायोकेमिकल इंजिनिअरिंग, त्यामुळे कॅटरिंगची पदवी नाही म्हणून अडू नका.

पदवी हवीच असेल तर दादरचं केटरिंग कॉलेज १९५४ पासून आहे, प्रवेश परीक्षेतून. पण तिथून निघालेला असो वा इंजिनिअर, मी सगळ्यांना आधी सहा महिने दुसऱ्याच्या किचनमध्ये पाठवतो. दोन महिने भाजी-मासे उतरवून घ्या, वजन करून मालाच्या पावतीवर सही करा. दोन महिने सेक्शनवर, म्हणजे ग्रिल किंवा तंदूर अशा एका विभागात. उरलेले पासवर, जिथं केओटी, म्हणजे ऑर्डरची चिठ्ठी येते आणि ताट बाहेर जातं. दिवाळीत तुम्हाला सुट्टी नसेल. उत्तराखंडचा कुक मात्र गावी गेलेला असेल, आणि त्याच्या जागी कोण उभं राहणार हे सप्टेंबरात ठरवायचं असतं.

आमच्याकडे यायचं असेल तर दुपारी साडेतीनला या. तेव्हा स्टाफचं जेवण असतं, बहुतेक वेळा राजमा-भात. न घसरणाऱ्या तळव्याचे बूट घाला.