ट्विचवर ड्रॉप्सची टक्केवारी अडकली तर

जुळे सोलापूर असो की नवी पेठ, रात्री ट्विचवर, म्हणजे गेम खेळणाऱ्यांचं थेट प्रक्षेपण दाखवणाऱ्या साइटवर, स्ट्रीम लावून बसणाऱ्या पोरांची तक्रार एकच: टक्केवारी हलत नाही. ठरावीक वेळ स्ट्रीम पाहिला की गेममधलं बक्षीस मिळतं, त्यालाच ड्रॉप्स म्हणतात; किती वेळ भरला ते टक्केवारी सांगते. नेटला दोष देण्याआधी प्रोफाइलच्या मेनूतलं ‘ड्रॉप्स’चं पान उघडा. खरी प्रगती तिथल्या इन्व्हेंटरीत, म्हणजे तुमच्या बक्षिसांच्या यादीत दिसते, तीही थोडी उशिरा सरकते.

तरी हलेना? मग स्ट्रीमवर ड्रॉप्स चालू असल्याची खूण आहे का आणि स्ट्रीमर तोच गेम खेळतोय का ते बघा. ड्रॉप्सच्या काही मोहिमा, म्हणजे बक्षिसांच्या योजना, ठरावीक चॅनेलपुरत्याच असतात, आणि नेमकी हीच अट कुणी वाचत नाही. चार टॅब उघडून चौपट वेळ मिळत नाही. एका वेळी एकच स्ट्रीम धरला जातो. लाइट जाऊन आली असेल तर पान रिफ्रेश करा, व्हिडिओ अडकलेला असू शकतो. जाहिराती अडवणारं एक्स्टेन्शनही बंद करून बघा.

शंभर टक्के झाल्यावर ‘क्लेम’ दाबायलाच हवं. कित्येक मोहिमांत आधीचं बक्षीस घेतल्याशिवाय पुढची मोजणी सुरूच होत नाही. गेममध्ये वस्तू यायला गेमचं खातं ट्विचशी जोडलेलं लागतं. घरात दोघा भावांत एकच कॉम्प्युटर असेल तर कोणाचं खातं जोडलंय, तेही तपासा.